मुदत उलटल्यावर

झाशी म्हटली की मराठी श्रोत्यांच्या डोळ्यांपुढे किल्ला उभा राहतो आणि रणांगण आठवते. परंतु तलवार उपसण्यापूर्वी राणी लक्ष्मीबाईंनी लेखणीची लढाई केली होती, हे फारसे सांगितले जात नाही. गंगाधरराव २१ नोव्हेंबर १८५३ रोजी निवर्तले आणि दत्तक मान्य व्हावा म्हणून राणीसाहेबांचे खलिते लगोलग रवाना झाले. १८५४ साली जॉन लँग या वकिलाचा सल्लाही त्यांनी घेतला. दाद मिळाली नाही. पण अर्ज उशिरा आला, असे कोणालाही म्हणता आले नाही.

त्याच झाशीत आज एखाद्या गृहस्थाच्या हाती सरकारी कागद पडतो : मंजूर नकाशाबाहेरचे बांधकाम काढून टाका. गृहस्थ तो कपाटात ठेवतात. शेजारी धीर देतात, 'अहो, असले कागद येतच असतात!' महिने लोटतात आणि एके दिवशी दारात पथक उभे राहते. मग वकिलाकडे धाव.

कायद्याची गणना मात्र त्या कागदाच्या तारखेपासूनच सुरू झालेली असते. उत्तर प्रदेशाच्या १९७३ च्या नगरनियोजन व विकास अधिनियमातील २७ वे कलम पाहा. पाडण्याचा हुकूम काढण्यापूर्वी मालकाला कारण दाखविण्याची संधी द्यावी लागते. हुकूम निघाल्यावर, त्याच्या तारखेपासून ३० दिवसांत प्राधिकरणाच्या अध्यक्षांकडे अपील करता येते. बांधकाम काढण्यासाठी दिलेली मुदत मात्र, हुकमाची प्रत हाती पडल्यापासून, १५ ते ४० दिवसांची असते. म्हणजे अपिलाचा शेवटचा दिवस उजाडण्यापूर्वीच पाडकामाचा दिवस येऊ शकतो. शिवाय नुसत्या अपिलाने हातोडा थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते.

मुदत गेली तर? विलंबाला पुरेसे कारण असेल तर न्यायालय तो माफ करू शकते, हे तत्त्व १९६३ च्या मुदतीच्या कायद्यात आहे. आजारपण किंवा हुकूमच न मिळणे, ही कारणे पुराव्यासह सांगता येतात. आळस हे कारण नव्हे. राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाखाली अलाहाबाद उच्च न्यायालयाकडे जाता येते. तेथे दिवसांची मर्यादा घातलेली नाही. तथापि 'इतके दिवस आपण काय करीत होता?' आणि 'अपील का केले नाही?' हे दोन प्रश्न तेथेही विचारले जातात.

येथे एक विषमता ध्यानी घ्यावी. आपला विलंब आपल्याला नडतो. कचेरीचा विलंब मात्र आपल्याला तारत नाही. मुंबईच्या वरळीतील कॅम्पा कोला वसाहतीचे मजले १९८० नंतरच्या दशकात चढले, कुटुंबे तेथे वर्षानुवर्षे नांदली; तरी २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना संरक्षण नाकारले. मीरतच्या प्रकरणात डिसेंबर २०२४ मध्ये त्याच न्यायालयाने पुन्हा बजावले, की अधिकाऱ्यांची दिरंगाई ही बेकायदा बांधकामाची ढाल होऊ शकत नाही.

नागरिकाला काहीच संरक्षण नाही, असा याचा अर्थ नव्हे. १३ नोव्हेंबर २०२४ च्या निकालाने पाडकामापूर्वी १५ दिवसांची नोटीस आणि अंतिम हुकमानंतर आणखी १५ दिवसांचा अवकाश आवश्यक ठरविला आहे. रस्ते, पदपथ, लोहमार्ग, जलाशय यांवरील अतिक्रमणे व न्यायालयाच्याच आदेशाने होणारी पाडकामे एवढेच त्याला अपवाद. परंतु हा अवकाश झोपण्यासाठी दिलेला नाही.

म्हणून कागद आला, की तो कोणत्या दिवशी मिळाला हे त्यावरच टिपावे, नोटिशीला लेखी उत्तर देऊन पोच घ्यावी, मंजूर नकाशा शोधून काढावा आणि त्याच आठवड्यात जाणत्याला गाठावे. बांधकाम नियमात बसण्यासारखे असेल, तर तसा अर्जही तेव्हाच करावा. वेळेवर मागितलेली दाद मिळेलच असे नाही. परंतु मुदत उलटल्यावर घराची खरी बाजू कित्येकदा ऐकलीच जात नाही. भिंत पडण्याआधी आपले म्हणणे कोणीतरी ऐकावे, एवढा तरी हक्क आपल्या हाताने गमावू नये.