काळ्या चेहऱ्यावरचा उजेड

गोऱ्या कातडीच्या हिशेबाने लावलेल्या दिव्यांत काळा माणूस उभा केला, तर त्याचा चेहरा एक तर चकाकून जातो, नाही तर अंधारात बुडतो. हॉलिवूडच्या रंगीत चित्रपटांना वर्षानुवर्षे त्याचे काही वाटले नाही. १९६७ साली 'इन द हीट ऑफ द नाइट' करताना हॅस्केल वेक्सलर या कॅमेरामनने सिडनी पॉयटियरसाठी उजेड मुद्दाम सौम्य केला. दक्षिणेतल्या गोऱ्यांच्या गावात अडकलेल्या काळ्या पोलीस अधिकाऱ्याचा अपमान, राग आणि हुशारी तेव्हा कुठे प्रेक्षकाला त्याच्या तोंडावर वाचता आली.

वेक्सलर स्वतः गोरा, शिकागोच्या धनिक घरातला. मग ही नजर त्याला आली कोठून? त्याचे उत्तर आम्हाला त्याच्या माहितीपटांत सापडते. ऑगस्ट १९६३ मध्ये वॉशिंग्टनला नागरी हक्कांचा विराट मोर्चा निघाला. मार्टिन ल्यूथर किंग यांचे भाषण जगाला ठाऊक आहे. वेक्सलर मात्र सॅन फ्रान्सिस्कोहून मोर्चाला निघालेल्या सामान्य माणसांच्या बसमध्ये कॅमेरा घेऊन बसला. त्यातून 'द बस' (१९६५) झाला. ६ डिसेंबरला चैत्यभूमीकडे येणाऱ्या आमच्या गाड्यांत असे कितीसे कॅमेरे बसले? प्रस्थापित माध्यमांना दादरची गर्दी तेवढी दिसते!

दोन ऑस्कर मिळवणाऱ्या या माणसाने आपल्याच धंद्याला आरोपीच्या पिंजऱ्यात उभे केले, याचे आम्हाला अधिक मोल वाटते. 'मीडियम कूल' (१९६९) त्याने लिहिला, दिग्दर्शित केला आणि चित्रितही केला. नायक टीव्हीचा कॅमेरामन. आधी अपघात टिपतो, मग अँब्युलन्स बोलावतो. काळ्यांच्या वस्तीत गेल्यावर तिथले तरुण त्यालाच जाब विचारतात. १९६८ च्या शिकागोतील खऱ्या निदर्शनांत, पोलिसांच्या बंदोबस्तात, नटांना चालवून त्याने पुढली कथा चित्रित केली. शेवटी पडद्यावर वेक्सलर स्वतःच कॅमेरा प्रेक्षकांकडे वळवतो. 'फँड्री'तला (२०१३) तो शेवटचा दगड ज्यांनी अंगावर घेतला आहे, त्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

ऐंशी उलटल्यावरही तो थांबला नाही. १९९७ साली एक सहायक कॅमेरामन १९ तासांच्या कामानंतर गाडीने घरी जाताना डुलकी लागून मरण पावला होता. त्या प्रश्नावर वेक्सलरने २००६ साली 'हू नीड्स स्लीप?' हा माहितीपट काढला. बाबासाहेबांनी मजूरमंत्री असताना १९४६ साली कारखान्यांतले कामाचे तास आठवड्याला ५४ वरून ४८ वर आणण्याचा कायदा मांडला, त्याला तेव्हा साठ वर्षे झाली होती. वेक्सलर २०१५ मध्ये गेला. मुंबईच्या सेटवर मात्र अजून बारा तासांची पाळी चालते, आणि तिथे दिवे उचलणारी, ट्रॉली ढकलणारी पोरे कोणत्या वस्त्यांतून येतात, ते आमच्या वाचकांना माहीत आहे.