बेचिराख मौजे आणि दिवे लागणारा तांडा

महसुली दप्तरांत काही गावांपुढे ‘बेचिराख’ असा शेरा आढळतो. मूळ फारसी ‘बे-चिराग’, म्हणजे जेथे दिवा लागत नाही असे निर्मनुष्य मौजे. याउलट नांदेड जिल्ह्यातील किनवट-माहूरच्या डोंगररांगांत, मुखेडच्या आणि लातूरकडील जळकोटच्या माळरानांवर असे कित्येक तांडे आहेत, की जेथे रोज सांजवात लागते, परंतु स्वतंत्र महसुली गावाचा दर्जा नसल्यामुळे ज्यांचा कारभार शेजारच्या गावाच्या ग्रामपंचायतीतून चालतो.

बैलांच्या पाठीवर गोणी लादून धान्य व मीठ दूरदूरच्या मुलखांत नेणारा, दख्खनेत मोगल फौजांनाही रसद पुरविणारा बंजारा समाज, रेल्वे व सडका होऊन लदेणीचा व्यापार बुडाल्यावर जेथे स्थिरावला, तेथे हे तांडे वसले. नाईक हा प्रमुख, कारभारी त्याचा साहाय्यक; बोली गोरमाटी; श्रद्धास्थान संत सेवालाल महाराज. दिवाळीच्या सुमारास कुटुंबे कोयते घेऊन ऊसतोडीला निघाली, की दारोदार कुलपे लागतात आणि ओट्यांवर वृद्ध मंडळी नातवंडांना सांभाळीत बसलेली दिसतात.

वाचकहो, आपल्या तालुक्यातील एखाद्या तांड्यात जा, तो कोणी व कसा वसविला हे तेथील वडीलधाऱ्यांकडून ऐका आणि लिहून ठेवा. कारण ज्याची नोंद दप्तरात नाही, त्याचा इतिहास माणसांच्या स्मरणातच असतो.