गाण्यात ट्रम्पेट कोण वाजवतं? – चिक चॉकलेट यांची ओळख



परिसर अभ्यासाच्या तासाला मी मुलांना 'माझं कुटुंब' हा तक्ता भरायला दिला होता. घरात कोण कोण आहे आणि कोण काय काम करतं, एवढंच लिहायचं होतं. कुणी लिहिलं चिकूच्या वाडीत, कुणी वीटभट्टीवर, कुणी मासे विकते. एका मुलाने आजोबांच्या नावापुढची जागा रिकामीच ठेवली. विचारलं तर म्हणाला, "बाई, आजा काय नाय करत. नुसता तारपा वाजवतो."

तो 'नुसता' काही माझ्या डोक्यातून जाईना. वाजवणं हे काम नाही, असं या मुलाला कुणी शिकवलं? मग वाटलं, आपणच शिकवलंय. गाणं ऐकताना आपण गायकाचं नाव सांगतो, फार तर संगीतकाराचं. वाजवणाऱ्याचं नाव आपल्यालाच माहीत नसतं.

म्हणून दुसऱ्या दिवशी मोबाईलला स्पीकर जोडला आणि 'अलबेला' या जुन्या सिनेमातलं एक नाचगाणं लावलं. लग्नाच्या बँडवर ही गाणी अजून वाजतात, त्यामुळे मुलं लगेच डुलायला लागली. मी विचारलं, "नाचतंय कोण?" दोघातिघांना भगवानदादा माहीत होते. "आणि मधे मधे जोरात वाजतंय, ते कोण वाजवतंय?" वर्ग एकदम गप्प. खरं सांगायचं तर काही दिवसांपूर्वी मलाही हे सांगता आलं नसतं.

ते वाजवणाऱ्याचं नाव चिक चॉकलेट. घोलवडच्या पोरांना ते आधी 'चिकू चॉकलेट'च ऐकू आलं. हसून झाल्यावर मात्र नाव कायमचं लक्षात राहिलं.

ट्रम्पेट वाजतो कसा?

आधी वाद्य समजून घेऊ. ट्रम्पेट म्हणजे पितळेची गुंडाळलेली नळी. ती सरळ केली तर साधारण दीड मीटर भरते. तोंडाशी छोटी वाटी असते आणि दुसऱ्या टोकाला धोतऱ्याच्या फुलासारखा पसरट कर्णा. नुसती फुंकर मारली तर आवाज येत नाही. ओठ घट्ट मिटून ते थरथरवावे लागतात. ती थरथर नळीतल्या हवेत जाते आणि सूर होतो. वर तीन खटके असतात. खटका दाबला की हवेचा रस्ता लांबतो आणि सूर खाली येतो. बाकीचे सूर ओठांच्या ताणावर काढायचे.

आपल्या तारप्यात वाळलेला दुधी भोपळा, बांबूच्या दोन नळ्या आणि ताडाच्या पानाचा कर्णा असतो. तिथे थरथरते ती नळीतली बारीक पट्टी, ट्रम्पेटमध्ये थरथरतात ते माणसाचे ओठ. हा फरक सांगितला की मुलांना दोन्ही वाद्यं कळतात.

हळदोण्याचा मुलगा

चिक चॉकलेट यांचं खरं नाव अंतोनियो झेवियर वाझ. जन्म १९१६ सालचा, गोव्यात बार्देस तालुक्यातल्या हळदोणे म्हणजेच अल्डोना गावी. तेव्हा गोव्यावर पोर्तुगीजांचं राज्य होतं. चर्चला जोडलेल्या गावशाळांमध्ये मुलांना अक्षरांबरोबर सूरही वाचायला शिकवत. पाच रेघांवर लिहिलेलं स्वरलेखन वाचता येणं ही त्या मुलांची मोठी शिदोरी होती. गावात पोट भरत नव्हतं, पण ही विद्या घेऊन शेकडो गोवेकर मुंबईला आले. धोबी तलावाच्या आसपास गावागावांचे 'कूड' असत. कूड म्हणजे एका गावच्या लोकांनी मिळून चालवलेली राहण्याची जागा. तिथे एक पेटी आणि एक वाद्य ठेवायला जागा मिळाली की माणूस कामाला लागे.

आईची इच्छा होती की मुलाने मेकॅनिक व्हावं, चार लोकांसारखं कमवावं. आपण पालकही हेच म्हणतो ना? मुलाच्या मनात मात्र संगीत होतं.

सातासमुद्रापलीकडचे गुरू

ज्यांच्यासारखं वाजवावं असं चिक यांना वाटे, ते होते अमेरिकेतले लुई आर्मस्ट्राँग. जन्म १९०१, न्यू ऑर्लिन्स शहरातल्या गरीब कृष्णवर्णीय वस्तीत. नववर्षाच्या आदल्या रात्री रस्त्यावर पिस्तूल उडवलं म्हणून त्यांना मुलांच्या सुधारगृहात ठेवलं. तिथल्या बँडमध्ये त्यांच्या हाती कॉर्नेट हे ट्रम्पेटसारखंच वाद्य आलं. १९२२ साली ते शिकागोला गेले आणि पुढे जगभर गाजले. ते जे वाजवत त्याला जॅझ म्हणतात. जॅझमध्ये चाल ठरलेली असते, पण वादक तिच्यावर जागच्या जागी नवं रचत जातो. आपल्या रागसंगीतात जशी बढत असते, साधारण तसंच.

मुंबईला हे संगीत रेकॉर्डवरून पोहोचलं आणि माणसांबरोबरही आलं. १९३५ च्या सुमारास लिऑन अ‍ॅबी हे कृष्णवर्णीय अमेरिकन वादक आपला बँड घेऊन ताजमहाल हॉटेलात आले. त्यांच्यानंतर ट्रम्पेटवादक क्रिकेट स्मिथ यांनीही तिथे बँड चालवला. गोव्याची मुलं त्यांना ऐकत शिकली.

चिक आधी दुसऱ्यांच्या बँडमध्ये वाजवत. पुढे स्वतःचा बँड काढला आणि १९४५ साली इतर बँडशी स्पर्धा करून ग्रीन्स हॉटेलचं काम मिळवलं. आज अपोलो बंदरावर ताजचा उंच मनोरा दिसतो, त्या जागी हे हॉटेल होतं. आर्मस्ट्राँगसारखा घोगरा आवाज, हातात पांढरा रुमाल आणि ट्रम्पेट वर करून लावलेला टिपेचा सूर. लोक त्यांना 'भारताचे लुई आर्मस्ट्राँग' म्हणायला लागले.

सिनेमात

पन्नासच्या दशकात मुंबईत दारूबंदी आली आणि हॉटेलांतली संगीताची कामं कमी झाली. सिनेमाला मात्र वादक हवे होते. संगीतकार चाल गुणगुणून दाखवत. ती कागदावर उतरवणं, कोणत्या वाद्याने कुठे काय वाजवायचं ते लिहिणं, हे काम बऱ्याचदा गोव्याचे वादक करत.

आपल्या पुणतांब्याचे सी. रामचंद्र, म्हणजे रामचंद्र चितळकर, यांच्याबरोबर चिक यांची जोडी जमली. १९५१ चा 'अलबेला' हे त्यातलं गाजलेलं काम. एक पुणतांब्याचा, एक हळदोण्याचा, आणि पडद्यावर गिरणी कामगाराचा मुलगा असलेले भगवानदादा. या सिनेमातल्या एका गाण्यात चिक आणि त्यांचा बँड पडद्यावरही दिसतात. मुलांना ते शोधायला सांगा, फार मजा येते. १९५१ च्या 'नादान' आणि १९५२ च्या 'रंगीली' या सिनेमांना तर चिक यांनी स्वतः संगीत दिलं.

१९६७ साली, वयाच्या अवघ्या ५१ व्या वर्षी ते गेले. त्या काळी पडद्यावर संगीतकाराचं नाव मोठ्या अक्षरात येई. बहुतेक वादकांची नावं येतच नसत. त्यामुळे त्यांचा सूर घराघरांत पोहोचला, नाव नाही पोहोचलं.

वर्गात काय करता येईल?

१. एक गाणं तीनदा ऐकवा. पहिल्यांदा शब्द, दुसऱ्यांदा ताल आणि तिसऱ्यांदा फक्त वाद्यं. ऐकू आलेल्या वाद्यांची यादी मुलांनाच करू द्या.

२. दुधी भोपळा, बांबू, पपईचा देठ, कागदाचा कर्णा यांपासून फुंकवाद्य करून बघा. नळी लांब झाली की सूर खाली जातो, हे मुलं स्वतः शोधतात.

३. आपल्या पाड्यावर तारपा, सनई, संबळ, ढोल कोण वाजवतं, त्यांची नावं लिहून आणायला सांगा. नुसतं 'तारपावाला' चालणार नाही, पूर्ण नाव हवं. आपल्याच जिल्ह्यातले, जव्हारकडचे तारपावादक भिकल्या लाडक्या धिंडा यांना पद्मश्री जाहीर झाली, हेही जरूर सांगा.

आमच्या वर्गात या यादीत सहा नावं जमली. त्या मुलाचा आजा शाळेत यायला लाजला, म्हणून आम्हीच पाड्यावर गेलो. त्याने वाजवून दाखवलं. मधे श्वास घ्यायला तो थांबतच नव्हता. गालात हवा साठवून ठेवायची आणि नाकाने श्वास घ्यायचा, हे त्याने पोरांना करून दाखवलं. कुणालाच जमलं नाही, मलाही नाही. "किती वर्षं लागली शिकायला?" असं एका मुलीने विचारलं. आजा म्हणाला, "अजून शिकतोय."

परत आल्यावर त्या मुलाने तक्ता मागून घेतला आणि रिकाम्या जागेत लिहिलं, 'तारपा वाजवतो'. 'नुसता' लिहिलं नाही. शुद्धलेखनाच्या दोन चुका होत्या, त्या मी त्या दिवशी तपासल्या नाहीत.

तुमच्या गावात कोण काय वाजवतं? मुलांना विचारा आणि नावं लिहून ठेवा.