तुमचा फॉन्ट कोणता?

जानेवारी २०२३मध्ये ॲडोबीने आपल्या सॉफ्टवेअरमधून ‘टाइप १’ जातीचे फॉन्ट चालवणं बंद केलं. १९८४ साली पोस्टस्क्रिप्टबरोबर त्यांनीच आणलेला हा प्रकार. इंग्रजी छपाईवाल्यांनी थोडी कुरकुर केली, त्याच वळणाचे नवे फॉन्ट घेतले आणि पुन्हा कामाला लागले. आपल्याकडे त्याची बातमीसुद्धा झाली नाही. पण दोन हजारच्या दशकात मॅकवर असल्या फॉन्टात जुळवलेलं एखादं मराठी पुस्तक आता ॲडोबीच्या नव्या इनडिझाइनमध्ये उघडून पाहा. पानभर गुलाबी पट्टे येतात आणि त्या पट्ट्यांवर डॉलर, पाउंड, डोक्यावर दोन टिंबं असलेला यू, टोपीवाला ए अशी चिन्हं ओळीने उभी असतात. मराठीचं एक अक्षर दिसत नाही. समास, शीर्षकं, पृष्ठांक सगळं जागच्या जागी असतं, मजकूर तेवढा गेलेला असतो.

या नुकसानीचं मूळ ‘फॉन्ट’ या शब्दाचं आपण जे करून ठेवलं त्यात आहे. इंग्रजीत फॉन्ट म्हणजे अक्षराचं रूप. मराठीत वीसेक वर्षं फॉन्ट म्हणजे अक्षरच होतं. रूप गेलं की अक्षरही गेलं, अशी व्यवस्था आपण उभी केली, तिच्यात आपली पुस्तकं, दिवाळी अंक, वर्तमानपत्रं, सरकारी परिपत्रकं भरली आणि नंतर तिच्याकडे वळूनही पाहिलं नाही.

मूळ शब्द ओतशाळेतला. वितळलेलं शिसं साच्यात ओतायचं, म्हणून वितळवणे या अर्थाच्या फ्रेंच क्रियापदावरून तो आला. एका वळणाच्या, एका जाडीच्या, एकाच आकाराच्या खिळ्यांचा पुरा संच म्हणजे एक फॉन्ट. त्याच वळणाचा १२ पॉइंटचा संच हा एक फॉन्ट आणि १६ पॉइंटचा दुसरा. आपले छापखानेवाले ‘टाइप’ म्हणत, नाहीतर ‘खिळे’. जावजी दादाजींनी १८६९मध्ये मुंबईत निर्णयसागर छापखाना काढला आणि त्या नावाचे देवनागरी खिळे पुढे नावाजले गेले. बापूराव नाईकांनी देवनागरी मुद्राक्षरांवर १९७१मध्ये तीन खंड लिहून ठेवले आहेत. खोलात जायचं असेल त्याने ते मिळवून वाचावेत. मला स्वतःला त्या काळाची हुरहुर नाही. शिशाची धूळ, अपुरा उजेड आणि रात्रपाळ्या यांची कसली हुरहुर वाटायची? पण एक गोष्ट नोंदवायला हवी. खिळा कुठल्याही ओतशाळेचा असो, ‘क’ हा ‘क’च होता आणि तो कुठल्याही कंपॉझिटरला वाचता येत होता.

संगणकावर देवनागरी आणायचं काम आयआयटी कानपूरला सुरू झालं आणि १९८८मध्ये पुण्यात सी-डॅक ही सरकारी संस्था उभी राहिल्यावर ‘जिस्ट’ या नावाने तिथे वाढलं. जिस्ट कार्ड बसवलं की डॉसच्या काळ्या पडद्यावर मराठी उमटायचं. त्यामागचा विचार आजही मला थक्क करतो. ‘क’ला एक क्रमांक, कान्याला एक, हलन्ताला एक. साठवायचं ते अक्षर, त्याचं रूप दाखवताना ठरवायचं. हाच विचार ‘इस्की’ या नावाने १९९१मध्ये भारतीय मानक झाला, आणि युनिकोडमधल्या देवनागरीची मांडणीही इस्कीच्याच आधीच्या आराखड्यावरून घेतलेली आहे. म्हणजे योग्य रस्ता आपल्याला ठाऊक होता. तो परक्या कुणी येऊन दाखवला नव्हता.

मग पानं जुळवायचं पेजमेकर हे सॉफ्टवेअर आलं आणि सगळा धंदा भलत्याच रस्त्याला लागला.

पेजमेकरला इस्की कळत नव्हतं. त्याला एवढंच कळे की एका फॉन्टात २५६ खण असतात आणि एका खणात एक चिन्ह बसतं. त्यांतलेही कित्येक खण आधीच अडलेले. देवनागरीची जोडाक्षरं, अर्धी अक्षरं, रफार, रुकार, वेलांट्या एवढ्याशा जागेत मावायच्या कशा? मग तोड निघाली. इंग्रजी फॉन्टाच्या खणांत देवनागरीचे तुकडे भरायचे. डॉलरच्या खणात अर्धा ‘स’, पाउंडाच्या खणात वेलांटी, असं काहीही. काही फॉन्टांत ‘क’ हे अख्खं अक्षरच नव्हतं; ‘व’ काढायचा आणि त्याला उजवीकडची गाठ जोडायची. ‘प’ला तीच गाठ जोडली की ‘फ’. ह्रस्व वेलांटी कागदावर आधी दिसते म्हणून फाइलमध्येही आधी, रफार डोक्यावर शेवटी चढतो म्हणून शेवटी. संगणकाच्या लेखी तो मजकूर मराठी नव्हताच. ती इंग्रजी चिन्हांची रांग होती आणि तिच्यावर मराठीचं चित्र चिकटवलेलं होतं.

कुठल्या खणात कुठला तुकडा, हे प्रत्येक कंपनीने स्वतःपुरतं ठरवलं. श्रीलिपीची मांडणी निराळी, आकृतीची निराळी, सी-डॅकच्या आयएसएमची आणखी निराळी. शिवाय शिवाजी, किरण, एपीएस. इथे ‘फॉन्ट’ या शब्दाचा अर्थ पार पालटला. पुण्यातल्या अप्पा बळवंत चौकापासून मुंबईतल्या गिरगावापर्यंत डीटीपीच्या प्रत्येक खोलीत पहिला प्रश्न असे, “तुमचा फॉन्ट कोणता?” त्यात अक्षराच्या वळणाची चौकशी नव्हती. तुमचं सॉफ्टवेअर कोणतं, आवृत्ती कोणती, कळफलक कोणता आणि तुमची फ्लॉपी माझ्याकडे उघडेल का, एवढं सगळं त्या एका शब्दात विचारलेलं असे. ‘फॉन्ट फुटला’, ‘फॉन्ट उडाला’, ‘फॉन्ट मॅच होत नाही’ ही त्या दिवसांची रोजची बोली. टायपोग्राफीच्या पुस्तकांत यांतला एकही अर्थ सापडणार नाही.

ती वर्षं मी संपादनाच्या खुर्चीतून पाहिली. सप्टेंबर-ऑक्टोबरात दिवाळी अंकाचं काम ऐन भरात असे. सदाशिव पेठेतली माळ्यावरची खोली, डोक्यावर गरगरणारा पंखा, ट्रेसिंग पेपरवर प्रिंट काढणारा लेझर प्रिंटर आणि त्याच्या उष्ण वासात बसलेला ऑपरेटर. त्याच्या समोरच्या भिंतीवर एक कागद डकवलेला होता, कडा काळ्या पडलेल्या, चहाचे डाग पडलेला. त्यावर बॉलपेनने जोडाक्षरं आणि त्यांच्यापुढे आकडे. ऑल्ट दाबून धरायचं आणि बाजूच्या आकड्यांच्या कळांवर चार आकडे मारायचे, की ते जोडाक्षर उमटायचं. ‘वाङ्मय’ हा शब्द आला की त्याचा हात न पाहता तिकडे जाई. आमच्या अंकात ‘वाङ्मय’ कधी ‘वाङमय’ झालं नाही, ते त्या माणसामुळे. अशी कितीतरी माणसं होती. दहावी-बारावी शिकलेली, पानामागे काही रुपये घेणारी, ऱ्हस्व-दीर्घाची लेखकांपेक्षा पक्की जाण असलेली. मराठीची त्या काळातली छापील अब्रू त्यांनी राखली, आणि श्रेयनामावलीत त्यांचं नाव ‘अक्षरजुळणी’ या शब्दापुढे, तेही कधीमधी येई.

आता राग. सॉफ्टवेअरबरोबर एक ‘लॉक’ येत असे, प्रिंटरच्या पोर्टला लावायचं. ते नसेल तर तुम्हीच लिहिलेला मजकूर तुम्हाला बदलता येत नसे. ते जळलं, हरवलं, की पुन्हा पैसे. मी ज्यांचं सॉफ्टवेअर वापरत होतो त्यांनी एका नव्या आवृत्तीत काही तुकड्यांचे खण हलवले आणि आमच्या मागच्या अंकांत जिथे तिथे भलतीच जोडाक्षरं उगवली. विचारलं तर उत्तर मिळालं, कन्व्हर्टर वेगळा विकत मिळतो. आपल्याच कुलपाची किल्ली आपल्यालाच निराळ्या भावाने. धंदा चालायला पैसा लागतो हे मला मान्य आहे, आणि सुबक अक्षरं घडवणाऱ्याला त्याचं मोल मिळालंच पाहिजे. पण वळण विकणं वेगळं आणि भाषा साठवण्याची रीत विकणं वेगळं. सगळ्यांनी एकत्र बसून तुकड्यांची एक मांडणी ठरवली असती तर प्रत्येकाला आपापली वळणं विकता आली असती आणि आमचा मजकूरही तगला असता. इस्की समोर असताना, सरकारी मानक असताना, हे झालं नाही. सरकारने मानक काढलं आणि आपल्याच कार्यालयांत ते पाळलं जातंय का हे पाहिलं नाही. हा दोष मी कंपन्यांपेक्षा मोठा मानतो.

दोन हजार सालाच्या आसपास वर्तमानपत्रं इंटरनेटवर आली तीसुद्धा आपापले फॉन्ट घेऊन. बातमी वाचायची तर आधी त्यांचा फॉन्ट उतरवून घ्या. एका दैनिकाचा फॉन्ट दुसऱ्याला चालत नसे, आणि शोधयंत्राला तर दोन्हींतलं काहीच वाचता येत नसे. त्या वर्षांतल्या बातम्या, अग्रलेख, रविवारच्या पुरवण्या शोधायला गेलं की आज हाती काय लागतं ते अभ्यासकांना विचारा.

त्याच सुमाराला विंडोज २०००मधून ‘मंगल’ आला. र. कृ. जोशींनी घडवलेला. आयआयटी मुंबईच्या आयडीसी या डिझाइन विभागात शिकवणारा, कवितेइतक्याच गांभीर्याने अक्षराकडे पाहणारा हा माणूस. त्यांनी ‘रघू’ हा फॉन्ट तर सगळ्यांसाठी मुक्त परवान्याखाली दिला. २००८ साली ते गेले तेव्हा वर्तमानपत्रांनी सुलेखनकार गेल्याची हळहळ व्यक्त केली, आणि ती रास्तच होती. पण मराठी अक्षराला कंपनीच्या खणातून बाहेर काढणाऱ्यांत ते पहिल्या फळीत होते, हे फार थोड्यांनी लिहिलं.

मंगलमागे युनिकोड होता. ‘क’ला जगभर एकच क्रमांक, फॉन्ट कुठलाही लावा. म्हणजे इस्कीचाच विचार पुन्हा. पण तो रुजायला फार वर्षं गेली. विंडोज एक्सपीवर मराठी दिसावं म्हणून विंडोजची सीडी शोधून आणावी लागे. ‘दऱ्या’ आणि ‘दर्या’ यांतला फरक, जो मराठी मुलाला शाळेत कळतो, तो पडद्यावर नीट उमटवायला खटपट करावी लागे. ‘ॲ’ला स्वतःचा क्रमांक मिळाला तो २००८मध्ये. या काळात मराठी विकिपीडिया २००३पासून युनिकोडात वाढत होता, अनुदिनीकार लिहीत होते, आणि छपाईचं जग मात्र जुन्याच खणांत बसून होतं. त्याला कारणही होतं. पेजमेकरला युनिकोड कधीच आला नाही, आणि इनडिझाइनला देवनागरी धडपणे जुळवता येऊ लागली ती २०१२च्या सीएस ६ या आवृत्तीपासून. त्यामुळे मराठीच्या दोन वह्या झाल्या. एक इंटरनेटवरची, शोधता येणारी. दुसरी छापील, संपादित, अनेकदा तपासलेली आणि संगणकाला न वाचता येणारी. आपलं उत्तम गद्य दुसऱ्या वहीत राहिलं.

आज फॉन्ट पुन्हा मूळ अर्थाला आला आहे आणि त्याचा मला मनापासून आनंद आहे. ‘एक टाइप’ या संस्थेने मुंबईत घडवलेले ‘मुक्ता’ आणि ‘बलू’ कुणालाही फुकट वापरता येतात. राज्य मराठी विकास संस्थेने आयडीसीच्या साहाय्याने ‘यशोमुद्रा’ करून घेतला. पाकळीचा ‘ल’ आणि देठाचा ‘श’ ही मराठी वळणं फॉन्टात घातली जातात. एवढं असून “माझ्या मोबाइलमध्ये मराठी फॉन्ट नाही” हे वाक्य रोज कानावर येतं. फॉन्ट असतोच, कळफलक सुरू केलेला नसतो. कुणी ‘फॉन्ट वाढव’ म्हणतो तेव्हा त्याला आकार म्हणायचा असतो. बोलणाऱ्याला बोलू द्यावं, त्याने कुणाचं बिघडत नाही. बिघडतं ते अमुक फॉन्टातच मजकूर पाठवा, युनिकोड चालणार नाही, असं आजही प्रकाशनसंस्थेतून किंवा कचेरीतून बजावलं जातं तेव्हा. बिघडतं ते जुन्या फॉन्टातली पीडीएफ संकेतस्थळावर चढवून ‘मराठीत उपलब्ध’ असं म्हटलं जातं तेव्हा. ती दिसते मराठी. तिच्यातली एक ओळ उचलून दुसरीकडे चिकटवा, डॉलर आणि पाउंड बाहेर पडतात.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात दर्जा मिळाला. शिलालेख, ताम्रपट, हस्तलिखितं यांचं डिजिटायझेशन करण्याच्या घोषणा होत आहेत, त्या व्हायलाच हव्यात. पण १९९२ ते २०१२ या वीस वर्षांचं मराठी साहित्य संगणकावरच जन्मलं आणि तेच आज संगणकाला वाचता येत नाही, हा विषय कुठल्याच समितीपुढे आल्याचं माझ्या वाचनात नाही. ताम्रपट आणखी शंभर वर्षं टिकेल. सीडी टिकणार नाही.

म्हणून प्रकाशकांना, संपादकांना, छापखान्यांना विनंती आहे. कपाटातल्या सीड्या आणि झिप डिस्का या वर्षीच बाहेर काढा. फाइलबरोबर तो मूळ फॉन्टही जपून ठेवा, नाहीतर फाइलचा उपयोग नाही. मजकूर युनिकोडात आणा आणि केवळ कन्व्हर्टरवर विसंबू नका. वेलांट्या, रफार आणि गाठ सुटून ‘व’ झालेले ‘क’ डोळ्यांनी तपासा. हे काम ज्यांना झोपेतही जमेल ते जुने ऑपरेटर आता साठीत आहेत. त्यांना बोलवा, योग्य मोबदला द्या आणि पुस्तकाच्या नव्या आवृत्तीत त्यांचं नाव छापा.