घट आधी सांगावी लागते

कागदावर एकच आकडा होता, ११६४, आणि त्याखाली पेनाने दोनदा रेघ ओढलेली. कोलकात्यात हाजरा रोडवरच्या महाराष्ट्र निवासात पाऊस थांबायची वाट बघत बसलेल्या, सोनं-चांदी गाळणाऱ्या एका गलाईवाल्यांनी तो माझ्यापुढे धरला. "ताई, हे पौंड हायत. दवाखान्याचे. पोरगी आजारी न्हाई, अजून गेली बी न्हाई, आन् दवाखान्याचे पैसे आधीच भरायचे म्हणत्यात. खरंच असं असतंय का?"

खरंच असतं. सहा महिन्यांहून अधिक काळ शिकायला ब्रिटनला निघालेल्या विद्यार्थ्याला व्हिसाच्या अर्जाबरोबरच तिथल्या सरकारी आरोग्यसेवेचा, एनएचएसचा, अधिभार भरावा लागतो. विद्यार्थ्यांसाठी तो वर्षाला ७७६ पौंड आहे. व्हिसाच्या सगळ्या मुदतीचा एकदम, आणि व्हिसा हातात पडण्याआधी. त्यांची मुलगी कोलकात्यात वाढलेली, इथेच बीएस्सी झालेली, एका वर्षाच्या मास्टर्ससाठी लीड्सला निघालेली. २०२५च्या त्या जुलैत पौंड ११६ रुपयांच्या आसपास होता. ११६४ पौंडांचे १,३५,०२४ रुपये होतात.

खिशात आणखी एक कागद होता, आधीच्या एजंटने दिलेला. त्यावर विद्यापीठाची फी, राहण्याजेवणाचा खर्च, तिकीट, आणि सर्वांत खाली 'व्हिसा, मेडिकल वगैरे: ६०,०००'. त्या वर्षी व्हिसाची फी ५२४ पौंड होती, म्हणजे ६०,७८४ रुपये. त्या साठ हजारांत नुसती व्हिसाची फीसुद्धा पुरती बसत नव्हती. 'मेडिकल' हा शब्द होता, त्याचे पैसे नव्हते. दुसऱ्याच्या सोन्याचा मिलिग्रॅमपर्यंत हिशेब देण्यात ज्यांचं आयुष्य गेलं, त्यांना कुणीतरी सव्वा लाखाहून मोठी रक्कम 'वगैरे'मध्ये घालून दिली होती. ते मला सहन होईना. ११६४ लिहून खाली रेघ मारणारी सल्ला-कचेरीतली बाई कोण, ती हे काम कसं करते, हे बघायला मी त्यांच्याबरोबर गेले.

पण आधी त्यांच्या दुकानात. सांगली जिल्ह्यातला खानापूर, आटपाडी, तासगाव, कवठे महांकाळ आणि शेजारच्या साताऱ्यातला माण-खटाव या दुष्काळी पट्ट्यातली माणसं सोनं-चांदी गाळायच्या धंद्यात देशभर पांगली आहेत. जिथे सराफ कट्टा तिथे विट्याकडचा गलाईवाला. कोलकात्यात बऊबाजारच्या गल्ल्यांत ती भेटतात. यांचं दुकान म्हणजे जेमतेम एक खोली: भट्टी, तराजू, काचेची भांडी आणि डोक्यावर धूर ओढणारा पंखा. जुन्या दागिन्याचं सोनं चांदीबरोबर वितळवायचं, नायट्रिक ॲसिडात घालायचं, चांदी आणि तांबं विरघळून जातं, तळाशी तपकिरी भुकटी उरते. ती धुऊन पुन्हा वितळवली की शुद्ध सोनं. ॲसिडातली चांदी मग तांब्याच्या पट्ट्या घालून परत काढतात. सांगायला एवढंच. पण त्या खोलीत शिरताक्षणी घशाला जो वास धरतो तो बाहेर आल्यावरही सुटत नाही. पिवळट-तांबूस धूर पंख्याकडे जातो, सगळा जात नाही. बोलताना ते मधूनमधून खोकत होते आणि त्यांचं तिकडे लक्षही नव्हतं.

तिथेच त्यांनी एक वाक्य बोलून दाखवलं. "माल गाळायला घेतला की घट किती यील ते आधी सांगाय लागतंय. आधी सांगितली तर तो धंदा. मागनं सांगितली तर चोर म्हणत्यात."

रेघ मारणाऱ्या दिदी कॅमॅक स्ट्रीटवरच्या एका जुन्या इमारतीत, परदेशी शिक्षणाचा सल्ला देणाऱ्या कचेरीत फायली बघतात. पन्नाशीच्या, सुती साडी, चष्म्याला दोरी. हिंदी-बंगालीची सरमिसळ करत बोलतात. भिंतीवर टॉवर ब्रिज आणि हसऱ्या मुलामुलींची पोस्टरं आहेत. दिदींचं टेबल त्यांच्याकडे पाठ करून आहे. पासपोर्ट, गुणपत्रिका, विद्यापीठाचं प्रवेशाची खात्री देणारं सीएएस पत्र, बँकेचे कागद हे सगळं त्या झरझर तपासतात. मग मात्र हात थांबतो. कोरा कागद ओढतात, पट्टी घेतात आणि चौकटी काढायला लागतात.

एक चौकट म्हणजे एक महिना. आधी अभ्यासक्रमाच्या बारा. मग डावीकडे एक, कारण वर्षभराच्या अभ्यासक्रमाला व्हिसा सुरुवातीच्या महिनाभर आधीपासून मिळू शकतो. मग उजवीकडे चार, कारण अभ्यासक्रम संपल्यावर व्हिसा आणखी चार महिने चालतो. सतरा. पहिल्या बारांभोवती कंस: ७७६. उरल्या पाच. वर्षावरचे महिने सहापर्यंत असले तर अर्ध्या वर्षाचा आकार, सहाच्या वर गेले तर पूर्ण वर्षाचा. पाचांभोवती कंस: ३८८. बेरीज ११६४. खाली दोनदा रेघ.

"फी शिक्षणावर नाही, व्हिसावर लागते," त्या म्हणाल्या. "लोक 'एक वर्षाचा कोर्स' ऐकतात आणि एका वर्षाचे पैसे धरतात. नीट चौकशी केलेलेसुद्धा. म्हणून मी चौकटी काढते. बोलून पटत नाही, मोजून पटतं."

गलाईवाले चौकटींवर बोट ठेवून पुन्हा मोजत होते. "शेवटचं चार महिनं पोरगी तिथं ऱ्हायलीच न्हाई तर?"

"तरी भरायचे, दादा."

"परत मिळत न्हाईत?"

याचं उत्तर दिदी सावकाश देतात, कारण आई-वडील ते सर्वांत लक्ष देऊन ऐकतात. व्हिसा नाकारला तर अधिभार परत येतो. मागितल्यापेक्षा कमी मुदतीचा व्हिसा मिळाला तर फरक परत येतो. पण व्हिसा मिळाला आणि मुलगी गेलीच नाही, किंवा लवकर परत आली, तर काही मिळत नाही. तिथे एकदाही डॉक्टरकडे गेली नाही, तरीही नाही.

मी बसले असताना दुसरी कुटुंबंही आली. दोन वर्षांचा मास्टर्स: एकोणतीस चौकटी, १९४० पौंड. तीन वर्षांची पदवी, सप्टेंबर ते तिसऱ्या वर्षीचा जून: तीन वर्षं आणि वर दोन-तीन महिने, २७१६ पौंड. प्रत्येक वेळी नवा कागद, पुन्हा पट्टी. संगणकावर हे क्षणात होतं, अर्ज भरताना ते संकेतस्थळच आकडा दाखवतं. पण तो दिसतो शेवटी, सगळं ठरल्यावर, घर गहाण पडल्यावर. दिदी तो पहिल्या भेटीत लिहून देतात, आणि माझ्या मते त्यांच्या कामाचा सगळा प्रामाणिकपणा या एका क्रमात आहे.

हा आकडा नेहमी एवढा नव्हता. ब्रिटनने २०१४च्या कायद्याने हा अधिभार आणला आणि ६ एप्रिल २०१५पासून घ्यायला सुरुवात केली. तेव्हा विद्यार्थ्याला वर्षाला १५० पौंड होते. जानेवारी २०१९मध्ये ३००, ऑक्टोबर २०२०मध्ये ४७०, आणि ६ फेब्रुवारी २०२४पासून ७७६. याच सतरा चौकटींचे २०१५मध्ये २२५ पौंड झाले असते. आज ११६४.

सतरा महिने आजारपणात इस्पितळाचं बिल येणार नाही, या हमीची किंमत म्हणून मला ही रक्कम अवाजवी वाटत नाही. इतर देशही काही ना काही मागतातच: ऑस्ट्रेलियात व्हिसाच्या पूर्ण मुदतीचा आरोग्य विमा आधी दाखवावा लागतो, जर्मनीत विमा असल्याशिवाय विद्यापीठात नाव दाखल होत नाही. पण जर्मनीत सरकारी विम्याचा हप्ता महिन्याला भरायचा असतो. ब्रिटन ते सगळं पहिल्या दिवसाआधी, एका व्यवहारात उचलतं, आणि तेही शेवटच्या महिन्यांसह. पगारावर चालणाऱ्या घराला रकमेइतकीच ही वेळ जड जाते. श्रीमंताच्या मुलाला ७७६ आणि ३८८ ही बेरीज कळलीच नाही तरी चालतं. गलाईवाल्याच्या मुलीचं जाणं तिच्यावर अडू शकतं.

अडतं ते बँकेच्या कागदावर. २०२५च्या त्या जुलैत लंडनबाहेर शिकणाऱ्याला राहण्याखाण्याचे महिना ११३६ पौंड धरून नऊ महिन्यांचे १०,२२४ पौंड, अधिक भरायची राहिलेली फी, इतके पैसे सलग २८ दिवस खात्यात दाखवावे लागत होते. लंडनमध्ये तेव्हा महिना १४८३. या २८ दिवसांत शिल्लक एक दिवसही खाली गेली तर पुरावा बाद. अधिभार या रकमेत धरलेला नसतो, तो वेगळा. लोक नेमके तेवढेच पैसे जमवतात, मग ऐनवेळी ११६४ कळतात आणि ते त्याच खात्यातून काढायचा मोह होतो. स्टेटमेंट घेण्याआधी काढले की २८ दिवस पुन्हा पहिल्यापासून. तेवढ्यात विद्यापीठाने दिलेली तारीख टळते.

"म्हणून दोन खाती," दिदी म्हणाल्या. "दाखवायचं एक, भरायचं एक. आणि शैक्षणिक कर्ज असेल तर अंदाजपत्रकातच हा आकडा घाला. मंजुरीनंतर वाढवून मागायला गेलात की तुमची धावपळ सुरू."

कार्डाचंही तसंच. परदेशी व्यवहार बँकेकडून आधी चालू करून घ्यायचे, मर्यादा पौंडांच्या हिशेबाने वाढवायची, आणि परकी चलनातल्या खरेदीवर बँक जे तीन-साडेतीन टक्के लावते ते वर धरायचे. ११६४वर साडेतीन टक्के म्हणजे जवळपास ४,७२५ रुपये. हेही त्या कागदावर आलं, छोट्या अक्षरात.

क्षयाची तपासणी हा आणखी एक खर्च. सहा महिन्यांहून जास्त राहायला जाणाऱ्या भारतीयांना मान्यताप्राप्त केंद्रातून प्रमाणपत्र लागतं, छातीचा एक्स-रे काढून. मुलीचा एक्स-रे स्वच्छ आला. वडील ते पाकीट उघडून एक्स-रे उजेडात धरून बघत राहिले. स्वतःचा काढलाय का, असं मी विचारलं. नाही, म्हणाले.

मला तेव्हा आनंदीबाई जोशी आठवल्या, आणि कोलकात्यात त्या आठवणं साहजिक आहे. त्यांचे पती गोपाळराव पोस्टात होते, बदली होऊन जवळच्या सेरामपूरला आले होते. आनंदीबाई १८८३मध्ये कलकत्त्याहूनच बोटीने निघाल्या, फिलाडेल्फियाच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयात. १८८६ला डॉक्टर झाल्या, क्षय घेऊन परतल्या आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात गेल्या, बावीस वर्षंही पूर्ण झालेली नव्हती. परक्या थंडीत, परक्या अन्नावर आजारी पडलेल्या त्या मुलीमागे हक्काचा डॉक्टर अशी काही व्यवस्था नव्हती. म्हणून मी गलाईवाल्यांना सांगितलं, पैसे जाताहेत ते जाताहेत, पण मुलीला ते वसूल करायला शिकवा. लीड्सला पोचल्यावर पहिल्याच आठवड्यात घराजवळच्या जीपीकडे, म्हणजे एनएचएसच्या नेहमीच्या डॉक्टरकडे, नाव नोंदवायचं. नोंदणीला पैसे पडत नाहीत. आपली मुलं ताप येईपर्यंत थांबतात, पॅरासिटामॉलवर दिवस काढतात, आणि भरलेले ११६४ तसेच राहतात.

"इथं हिच्या आईच्या नावानं कार्ड हाय," ते म्हणाले. पश्चिम बंगालच्या स्वास्थ्यसाथी योजनेत कार्ड घरातल्या कर्त्या बाईच्या नावाने निघतं, कुटुंबाला वर्षाला पाच लाखांपर्यंत, हप्ता राज्य सरकार भरतं. ज्यांच्या घरात पाच लाखांचं कार्ड विनाहप्ता आलं, त्यांनी आता एका मुलीसाठी १,३५,०२४ रुपये मोजायचे होते. पण त्यांनी तक्रारीचा शब्द काढला नाही. त्यांचा राग फक्त आधीच्या एजंटच्या त्या कागदावर होता.

पैसे भरले त्या दिवशी मी कचेरीत होते. अर्ज मुलीने स्वतः भरला. अधिभाराच्या पानावर आल्यावर तिने आकडा वाचला, दिदींच्या कागदाशी ताडून बघितला, आणि "पप्पा, ओटीपी" म्हणाली. त्यांनी फोन डोळ्यांपासून लांब धरून एकेक अंक मोठ्याने सांगितला. ॲसिडाने बोटांची टोकं पिवळी पडलेली. पडद्यावर संदर्भ क्रमांक उमटला. दिदींनी तो फायलीच्या मुखपृष्ठावर लिहिला आणि अर्ज पुढे सरकला. बोटांचे ठसे द्यायची तारीख घेणं, कागद चढवणं हे बाकीचं पटापट झालं.

उठताना त्यांनी विचारलं, "यात दात येतात का?"

येत नाहीत, किंवा येऊन न आल्यासारखे. इंग्लंडमध्ये एनएचएसच्या दंतवैद्याकडेही पैसे पडतात, दाढ काढायची तर ७५ पौंडांच्या वर, आणि नवा पेशंट घेणारा दंतवैद्य मिळणंच कठीण. चष्मा स्वतःच्या खर्चाने. औषधाच्या चिठ्ठीवर प्रत्येक औषधामागे ९.९० पौंड, स्कॉटलंड आणि वेल्समध्ये औषधं फुकट, पण लीड्स इंग्लंडमध्ये आहे. दिदींनी कागद उलटा केला आणि मागच्या बाजूला 'जाण्याआधी' असं लिहून यादी सुरू केली. मुलीची अक्कलदाढ अधूनमधून ठणकायची. ती मौलालीजवळच्या डॉ. आर. अहमद दंत महाविद्यालयात दाखवायची ठरली; १९२०मध्ये सुरू झालेलं हे देशातलं पहिलं दंत महाविद्यालय, आता सरकारी. चष्मे दोन, लालबाजारकडच्या दुकानातून, नंबर नव्याने तपासून. नेहमीच्या गोळ्या तीन महिन्यांच्या, डॉक्टरांच्या इंग्रजी चिठ्ठीसह. प्रत्येक ओळीपुढे दिदी रुपयांत आकडा विचारत होत्या, आणि गलाईवाले तो थोडा चढाच सांगत होते.