पावलांचा वारसा जपणारे आयरिश ‘सेट’

‘रिव्हरडान्स’मुळे आयर्लंडचे नृत्य जगभर पोहोचले, मात्र तेथील खेड्यांतील ‘सेट डान्सिंग’ त्याहून निराळे. चार जोड्या चौकोनात समोरासमोर उभ्या राहून ते नाचतात. फ्रेंच क्वाड्रिलमधून आलेले हे नृत्य गेलिक लीगने परके ठरविले. पुढे १९३५च्या कायद्याने सार्वजनिक नृत्यास परवाना सक्तीचा केला. घराघरांतील नाचांनाही त्याची झळ बसली.

या परंपरेला नवसंजीवनी देण्यात क्लेअर काउंटीतील मिलटाऊन मालबे येथे १९७३ पासून भरणाऱ्या विली क्लॅन्सी उन्हाळी शाळेचा मोठा वाटा आहे. तेथे दिवसा वर्गात गिरविलेले सेट रात्री वादकांच्या साथीने रंगतात. भागाभागांनुसार पावले बदलत असल्याने केवळ पुस्तक पुरत नाही. नवख्यांना जाणत्यांसोबत चौकोनात उभे राहावेच लागते.