बेनिनचें पितळ

पश्चिम आफ्रिकेंतील नायजेरिया देशाच्या दक्षिण भागांत बेनिन नांवाचें एक प्राचीन नगर आहे. (१९७५ पासून ज्या शेजारच्या देशास बेनिन म्हणतात तो निराळा, त्याचें पूर्वीचें नांव दाहोमी.) या नगरांत राहणाऱ्या एदो लोकांच्या भाषेंत 'स्मरण करणें' या अर्थीं जो शब्द योजतात, त्याचा मूळ अर्थ 'धातूंत आकृति ओतणें' असा आहे. एवढा एक शब्द ध्यानांत ठेविला, म्हणजे या नगराच्या पितळी मूर्तींवरून गेलीं सव्वाशें वर्षें चाललेला वाद केवळ शोभेच्या वस्तूंचा नव्हे, हें सहज उमगेल.

बेनिनच्या राजास ओबा म्हणतात. ओबा निवर्तला, म्हणजे गादीवर बसणाऱ्या पुत्रानें पित्याच्या स्मरणार्थ पितळी मस्तक ओतवून घ्यावें, राजवाड्यांतील वेदीवर त्याची स्थापना करावी आणि त्याच्या माथ्यावरील छिद्रांत कोरीव हस्तिदंत उभा करावा, असा परिपाठ होता. वाड्याच्या खांबांवर पितळी फलक जडविलेले असत. ओबा आणि त्याचे सरदार, शिंगें फुंकणारे सेवक, लांब केसांचे पोर्तुगीज व्यापारी, बिबटे, मासे असे नानाविध विषय त्यांवर उठविलेले आहेत. असे सुमारें नऊशें फलक आज ज्ञात असून ते बहुतेक सोळाव्या-सतराव्या शतकांतील आहेत. ज्या दरबारांत लेखणी नव्हती, त्या दरबाराची ही बखरच म्हणावयाची.

या ओतकामाची रीत मोठी नाजूक. मातीच्या गाभ्यावर मेणाचा थर देऊन त्यांत सारें बारीक काम कोरावयाचें, वरून मातीचे लेप चढवावयाचे, आणि तो गोळा तापविला म्हणजे मेण वितळून वाहून जातें. मागें राहिलेल्या पोकळींत पितळेचा रस ओततात. आपल्या इकडे ही विद्या अपरिचित नाहीं. बाराव्या शतकांत कल्याणीच्या सोमेश्वर चालुक्यानें 'मानसोल्लास' ग्रंथांत ती वर्णिली आहे. साचा फोडल्यावांचून मूर्ति हातीं येत नाहीं. अर्थात् एका साच्यांतून एकच मूर्ति. ही गोष्ट पुढें कामास येणार आहे.

हें काम बेनिनमधील इगुन गल्लींतल्या ओताऱ्यांच्या घराण्यांकडे वंशपरंपरेनें चालत आलें. त्यांना लागणारें पितळ पोर्तुगीज व्यापारी 'मनिला' नांवाच्या कड्यांच्या रूपानें आणीत. हें पितळ बव्हंशीं जर्मनींतील ऱ्हाईन नदीच्या कांठचें, असें २०२३ सालीं प्रसिद्ध झालेल्या रासायनिक परीक्षणावरून दिसून आलें. आणि या कड्यांच्या मोबदल्यांत मिरीं व हस्तिदंत यांबरोबर माणसेंही विकलीं जात, हें लपविण्यांत अर्थ नाहीं.

१८९६ च्या अखेरीस फिलिप्स नांवाच्या इंग्रज अधिकाऱ्यानें ओबास पदच्युत करण्याची अनुज्ञा लंडनकडे मागितली. वाड्यांत सांपडणाऱ्या हस्तिदंतांतून स्वारीचा खर्च निघेल, असेंही त्यानें कळविलें. उत्तराची वाट न पाहतां, आणि सणाचे दिवस आहेत, तूर्त येऊं नये, असा ओबाचा निरोप असतांही, तो जानेवारी १८९७ मध्यें बेनिनकडे निघाला. वाटेंत हल्ला होऊन त्याच्या मंडळींतील दोनच गोरे वांचले. फेब्रुवारींत ॲडमिरल रॉसनच्या सैन्यानें नगर घेतलें. वाडा जळाला आणि हजारों वस्तु इंग्लंडांत गेल्या. ओबा ओवोनरामवेन यास कालाबार येथें हद्दपार करण्यांत आलें. तेथेंच १९१४ सालीं त्याचें देहावसान झालें.

या मूर्ति पाहून युरोपांतील पंडित चकित झाले. एवढें कसब काळ्या माणसाचें असेल, हें कित्येकांना पटेना. हें पोर्तुगिजांचें शिक्षण असावें, असा तर्क निघाला. बर्लिनच्या फॉन लुशान यानें मात्र, चेलिनीलाही याहून सरस ओतकाम साधलें नसतें, असा निर्वाळा दिला. पुढें १९५० नंतर ब्रिटिश म्युझियमनें कांहीं फलक 'जादा प्रती' ठरवून विकले, आणि ते घेणारांत नायजेरियाचें सरकारही होतें! ज्या रीतींत एका साच्यांतून एकच वस्तु निघते, तींत जादा प्रत कोणती, हें त्या विद्वानांनाच ठाऊक.

नायजेरियाच्या आधुनिक कलावंतांपुढें प्रश्न उभा राहिला तो येथें. बेन एन्वोन्वू (जन्म १९१७) हा मूर्तिकाराचा मुलगा. तो १९४४ ते १९४७ पर्यंत लंडनच्या स्लेड कलाशाळेंत शिकला. 'अन्यान्वू', म्हणजे सूर्य, हें त्याचें १९५४-५५ चें शिल्प लागोसच्या संग्रहालयापुढें उभें आहे. कल्पना त्याच्या ईग्बो समाजाची, पण त्या उंच, सडपातळ स्त्रीमूर्तीचा शिरोभूषणादि साज बेनिनच्या राजस्त्रियांचा. माझ्या मतें जुन्याचें अनुकरण न करतां त्याचा वारसा कसा घ्यावा, याचें इतकें सरळ उदाहरण विरळा. १९५८ सालीं झारिया येथील विद्यार्थ्यांनीं—उचे ओकेके, ब्रूस ओनोब्राक्पेया, देमास न्वोको प्रभृतींनीं—मंडळ स्थापिलें तें याच विचारानें. परक्यांचें तंत्र टाकूं नये, पण आपल्या परंपरेशीं त्याचा सहज मेळ घालावा, हा त्यांचा आग्रह. मुंबईच्या जे. जे. शाळेंत ग्रीक पुतळ्यांच्या प्लास्टरच्या प्रतींवरून चित्रें काढणाऱ्या आपल्या पूर्वसूरींना ही तगमग सहज कळली असती.

१९७७ सालीं लागोसला आफ्रिकी संस्कृतीचा मोठा महोत्सव भरला. राजमाता इदिया हिचा हस्तिदंती मुखवटा त्याचें बोधचिन्ह होता. तो लंडनहून मागविला, पण मिळाला नाहीं. अखेर बेनिनच्या कारागिराकडून नवा कोरवून घ्यावा लागला.

अलीकडे वारा फिरला आहे. जर्मनीनें २०२२ मध्यें शेंकडों वस्तूंचें स्वामित्व नायजेरियास दिलें. नेदरलँड्सनें २०२५ मध्यें ११९ वस्तु परत केल्या. ब्रिटिश म्युझियम मात्र १९६३ च्या कायद्याकडे बोट दाखवितें. परंतु परत आलेलें कोणाच्या स्वाधीन करावें? मार्च २०२३ मध्यें नायजेरियाच्या अध्यक्षांनीं ओबाचें स्वामित्व जाहीर केलें. बेनिनमध्यें उभारलेल्या नव्या कलासंग्रहालयांत नोव्हेंबर २०२५ मध्यें निदर्शक शिरले आणि उद्घाटनाचा समारंभ थांबला. तिकडे अमेरिकेंत गुलामांच्या वंशजांची एक संघटना २०२२ सालींच न्यायालयांत गेली होती. आमच्या पूर्वजांना विकून हें पितळ आलें, तेव्हां त्यांत आमचाही वांटा आहे, असें तिचें म्हणणें. न्यायालयानें तें मानलें नाहीं. तथापि पितळ कोठून आलें, या प्रश्नाला ओबाच्या वाड्यानेंही उत्तर देणें प्राप्त आहे. इगुन गल्लींतील भट्ट्या अजून पेटतात, आणि तेथें आजही मस्तकें ओतलीं जातात.